तेच भांडण, नव्याने

नव्याचे नऊ दिवस हा आपल्याकडचा हिशेब. इटलीतल्या पिसा विद्यापीठातल्या दोनातेला मारात्सिती यांनी तो बराच लांबवला. नुकत्याच प्रेमात पडलेल्या वीस जणांचं रक्त त्यांनी तपासलं, तेव्हा सेरोटोनिनच्या वाहतुकीशी संबंधित एक प्रथिन त्यांच्यात कमी आढळलं. ओसीडीच्या, म्हणजे दहादा हात धुणाऱ्या आणि कुलूप पुन्हा पुन्हा ओढून बघणाऱ्या रुग्णांत असतं, साधारण तितकंच. हे १९९९ साली प्रसिद्ध झालं. वर्ष-दीड वर्षाने त्यांतल्या काहींना पुन्हा तपासलं, तर आकडे चारचौघांसारखे झाले होते. दिवसातले चार-चार तास एकाच माणसाचा विचार करणारं डोकं ठिकाणावर आलं होतं. मला यात शोक करण्यासारखं काही दिसत नाही. जन्मभर तशाच अवस्थेत राहिलं तर विजेचं बिल कोण भरणार?

पण भाचीला हे कसं सांगायचं? प्रेमविवाह, दोन वर्षं झालेली. परवा म्हणाली, "मावशी, पूर्वीसारखं काही वाटतच नाही गं. नुसती भांडणं होतात, आणि तीही तीच ती." पहिलं वाक्य ऐकून मला काळजी वाटली नाही. दुसरं ऐकून तर धीरच आला.

सिएटलच्या वॉशिंग्टन विद्यापीठात जॉन गॉटमन यांनी वर्षानुवर्षं जोडप्यांना समोरासमोर बसवून, कॅमेरा लावून, त्यांचे वाद पाहिले. त्यांच्या नोंदींनुसार नवरा-बायकोतले सुमारे ६९ टक्के वाद सुटतच नाहीत. सुखाने नांदणाऱ्यांचेही नाहीत. कारण ते मुळात स्वभावातून येतात. एकाला घरात माणसं लागतात, दुसऱ्याला रविवारी बेल वाजली तरी कपाळावर आठी. एक पै-पै जपतो, दुसऱ्याचा हात सढळ. असल्या गोष्टींवर निकाल लागत नसतो. मग टिकणाऱ्या आणि मोडणाऱ्या घरांत फरक कुठे पडतो? एक तर भांडण सुरू कसं होतं त्यात. पहिल्या तीनेक मिनिटांचा सूर पुष्कळ काही सांगून जातो. आणि दुसरं, सगळ्यांत घातक, म्हणजे तुच्छता: डोळे फिरवणं, नाक मुरडणं, "तुला काय कळणार" हा सूर. आवाज चढण्यापेक्षा गॉटमन याला जास्त भितात, आणि मला ते पटतं. आपल्याकडे मोठ्याने भांडणारी घरं बदनाम असतात आणि हळू आवाजात टोमणे मारणारी सुसंस्कृत ठरतात.

आमच्या घरातला न सुटलेला वाद गाडीचा आहे. डेक्कन क्वीन पुण्याहून सव्वासातला सुटते. नवऱ्याला साडेसहाला फलाटावर उभं राहायचं असतं, मला सात-पाचला रिक्षातून उतरलं तरी चालतं. त्याच्या लेखी मी बेजबाबदार, माझ्या लेखी तो घाबरट. लग्नाला बरीच वर्षं झाल्यावर, अशाच एका धुसफुशीत, त्याच्या तोंडून निघून गेलं की शाळेत असताना वडिलांबरोबर शेवटची एसटी चुकली होती आणि दोघांनी रात्र स्टँडवरच्या बाकावर काढली होती. वडील रात्रभर एक शब्द बोलले नव्हते. आम्ही प्रेमात होतो तेव्हा तासन्‌तास बोलायचो. पण कवितांवर, सिनेमांवर, जगावर. एसटीवर कोण बोलणार? आकर्षणाला अशा चौकश्या करायच्या नसतात, त्याला समोरचं माणूस आहे तसंच छान दिसत असतं. वाद मिटलाय असं नाही. तो अजून "आवर गं" करत दारात चपला घालून उभा असतो आणि मी अजून कुरकुरते. फक्त आता कुरकुरता कुरकुरता मीही चपला घालत असते.

या संदर्भात मला नेहमी 'आहे मनोहर तरी' आठवतं. १२ जून १९४६ रोजी रत्नागिरीत नोंदणी पद्धतीने लग्न केलेल्या सुनीताबाई देशपांड्यांचं हे पुस्तक १९९० साली, त्यांचे पती पु. ल. हयात असताना, आलं. नवऱ्याविषयीच्या तक्रारी त्यात आडपडदा न ठेवता लिहिलेल्या होत्या. बरेच वाचक दुखावले. सगळ्या महाराष्ट्राच्या लाडक्या माणसाबद्दल घरच्याच बाईने असं लिहावं? मला ते नेमकं उलटं वाटत आलंय. चव्वेचाळीस वर्षांनंतरही नवऱ्याच्या बारीकसारीक सवयी इतक्या बारकाईने टिपणारी बाई त्याला विटलेली नसते. काही ठिकाणी त्या फार कठोर झाल्यात, हे मान्य. पण तुच्छता मला कुठे दिसली नाही. आणि संसार चांगला मुरल्यानंतर याच दोघांनी एका मंचावर बसून मर्ढेकरांच्या, बोरकरांच्या कविता वाचल्या, तेही विसरून चालणार नाही. पुस्तकानंतरही दोघं एकत्रच राहिली, पुलंच्या शेवटच्या दिवसापर्यंत. तो दिवसही १२ जूनच होता, साल २०००.

हे सगळं स्वभावाच्या भांडणांपुरतं. जिथे हात उगारला जातो, पगाराचं कार्ड काढून घेतलं जातं किंवा माहेरच्यांशी बोलणं तोडलं जातं, तिथे कसं भांडावं हा प्रश्नच उरत नाही. तिथून बाहेर कसं पडावं एवढंच बघायचं.

भाचीला मी एकच विचारलं: तुमचं हे "तेच ते" भांडण नक्की कशावरून? बराच वेळ विचार करून म्हणाली, "तो सुट्टीच्या दिवशी आधी आईला फोन करतो, मग माझ्याशी बोलतो." मग त्याला कधी विचारलंस का, आधी आईला का? नव्हतं विचारलं. "तुझं आईशिवाय पान हलत नाही" एवढंच दर रविवारी ऐकवलं होतं. आता विचारीन म्हणाली. काय उत्तर येतंय ते बघू.

तिचा धाकटा भाऊही सध्या एका मुलीबरोबर लग्नाचं ठरवतोय. घरी पत्रिका जुळवून झाली, छत्तीसपैकी अठ्ठावीस गुण आले, सगळे खूश आहेत. मी त्याला बाजूला घेऊन विचारलं, तुमचं कधी कडाक्याचं भांडण झालंय का? "छे, एकदाही नाही!" असं तो छाती फुगवून म्हणाला. हॉलचा ॲडव्हान्स एवढ्यात देऊ नका, असं मी त्याच्या आईला सांगितलंय. ती माझ्यावर भयंकर चिडली आहे.