खलनायकाची तसबीर

गेल्या गणपतीच्या आधी आमच्या आळीत सभा भरली. रत्नागिरीत सभा भरली की चहा एकदा होतो आणि वाद तीनदा. सजावटीला मराठी नटांच्या तसबिरी लावायचं ठरलं. नायकांची नावं भराभर निघाली. मी म्हटलं, "निळू फुले?" आणि नैवेद्याच्या पानात मी सुकट वाढल्यासारखी सगळ्यांची तोंडं झाली.

"अहो, बाप्पापुढे खलनायक?" अध्यक्ष कळवळले. "आणि ते काही हिरो नव्हेत. सहाय्यक नट!"

ह्या 'सहाय्यक' शब्दावर माझा जुना राग आहे. आळीच्या नाटकांत मी वीस वर्षं हवालदाराच्या पुढे सरकलो नाही, म्हणून हा राग, असं आमची ही म्हणते. तिकडे लक्ष देऊ नये. माझा मुद्दा वेगळाच आहे. कोण कोणाला सहाय्य करतं, ते एकदा तपासा की! मोदक खाताना कौतुक होतं सारणाचं. पण उकड फाटली की तेच सारण चाळणीला चिकटून बसतं.

'सामना' (१९७५) घ्या. डॉ. लागूंचे मास्तर एकच प्रश्न धरून बसतात. पण समोर साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील आहे म्हणून त्या प्रश्नाला धार! तो पाटील पुठ्ठ्याचा असता, तर मास्तर काय भिंतीशी बोलणार होते? 'सिंहासन' (१९७९) मध्ये सगळे मंत्री खुर्चीसाठी धडपडतात आणि फुल्यांचा पत्रकार दिगू बहुतेक वेळ नुसता बघतो, ऐकतो. शेवटी लक्षात कोण राहतं? दिगूच ना?

१९६८ साली 'एक गाव बारा भानगडी'त त्यांचा झेलेअण्णा आला आणि तेव्हापासून गावोगावच्या बायकांनी ह्या माणसाच्या नावाने बोटं मोडली. आमची आत्या तर तंबूतल्या सिनेमात उभी राहून ओरडली होती, "मेल्या, मुडदा बसवला तुझा!" तिला खाली बसवताना माझ्या काकांचा चष्मा फुटला.

आणि प्रत्यक्षात हा माणूस कोण? राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडलेला. पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला. सामाजिक कार्यकर्त्यांना आधार म्हणून सामाजिक कृतज्ञता निधी उभा करायचा, तर त्यासाठी डॉ. लागूंबरोबर 'लग्नाची बेडी'चे प्रयोग करत फिरलेला. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीत हजर असलेला.

म्हणजे बघा आमचा न्याय! पडद्यावर जो देव झाला, त्याला घरी काहीही माफ. आणि जो पडद्याबाहेर माणसासारखा वागला, त्याला मांडवात जागा नाही. कारण काय, तर त्याने आपलं काम फार चांगलं केलं! वाईट केलं असतं तर कोणी शिव्या दिल्या नसत्या, आणि आज तसबीर बिनविरोध लागली असती.

हे सगळं मी सभेत तावातावाने मांडलं. मतदान झालं. अकरा विरुद्ध एक. ते एक मत माझंच. तसबीर मी घरी आणून पडवीत लावली.

गौरीला आत्या आली. आता ऐंशी उलटलेली, काठी टेकत. पडवीतच थबकली. "ह्या मेल्याला इथे कशाला टांगलास रे? डोळे बघ कसे ते!"

"आत्ये, अगं, ते २००९ सालीच गेले."

"गेला?" आत्या जरा वेळ गप्प राहिली. "भला असणार हो बिचारा. उगाच इतकं वाईट कोणाला जमतं!"

एवढं म्हणाली, आणि तसबिरीसमोरून आत जाताना पदर सावरून, अंग चोरून गेली.

संगीत नाटक अकादमीनेही फुल्यांचा गौरव केला होता. पण आत्येच्या त्या पदराइतका मोठा पुरस्कार आमच्या अध्यक्षांच्या एकाही नायकाला मिळालेला नाही.