मुलांचा बँड आणि आईची कटकट



करावे गावात गाण्याबजावण्याचं कुणाला नवल नाही. आगरी-कोळ्यांचं गाव, हळदीला बेंजो हवाच! पण नववीतली चार मुलं गिटार-ड्रम घेऊन "आम्ही बँड काढतोय" म्हणाली, की आईच्या कपाळाला आठी पडते. बेंजोवाल्याला निदान सुपारी मिळते; या धांगडधिंग्यातून काय मिळणार? प्रश्न रास्त आहे. म्हणूनच आज गोव्याच्या एका मुलाची हकिगत सांगते.

रेमो फर्नांडिस १९५३ साली पणजीत जन्मला. सात वर्षांचा असताना नात्यातल्या कुणी लंडनहून बिल हेलीची 'रॉक अराउंड द क्लॉक' ही तबकडी आणली, आणि पोराला रॉक अँड रोलचं वेड लागलं. शाळेतच दोस्त जमवून त्यानं 'द बीट फोर' हा बँड काढला. गोव्यातल्या स्पर्धांत ही मुलं वाजवायची, काही जिंकायचीही. पुढं रेमो आर्किटेक्चर शिकायला मुंबईत जे. जे. मध्ये आला. तास बुडवून गिटार वाजवायचा, हेही खरं बरं का! तिथं तो 'द सॅव्हेजेस' या नावाजलेल्या बँडमध्ये गेला.

शाळेतला बँड शाळेबरोबर मागं पडला. मग उरलं काय? १९८४ साली त्यानं शिवोलीच्या घरीच 'गोवन क्रेझी' ही कॅसेट तयार केली. गाणी त्याची, चाली त्याच्या, रेकॉर्डिंगही त्याचंच. स्कूटरवरून दुकानोदुकानी कॅसेटी पोचवल्याही त्यानंच. गाणी इंग्रजी, पण त्यात गोवा होता. तुम्ही-आम्ही त्याला ओळखतो ते १९९५ च्या 'बॉम्बे'मधल्या 'हम्मा हम्मा'मुळे. २००७ साली त्याला पद्मश्री मिळाली.

आता, प्रत्येक मुलगा काही रेमो होत नाही. पण चौघांत वाजवायचं म्हणजे वेळेवर जायचं, दुसऱ्याचं ऐकायचं, आपली पाळी येईतो थांबायचं. घरात शंभरदा सांगून न येणारी ही शिस्त तिथं आपसूक येते.

तेव्हा सरसकट 'नाही' म्हणू नका. अटी मात्र आधीच ठरवा. सरावाचे दिवस आणि वेळ पक्की हवी. शेजारी म्हातारी माणसं, तान्ही मुलं असतील तर त्यांना विचारूनच वेळ ठरवा. ड्रमखाली जुनी गोधडी दुहेरी घाला, हादरा कमी होतो. गिटार पहिल्यांदा जुनीच घ्या. परीक्षेआधी किती दिवस वाद्यं बंद, हे मुलांकडूनच कागदावर लिहून घ्या. मग कटकट आईची राहत नाही. आणि उद्या मुलीनं गिटार मागितली, तर तिलाही हाच न्याय लावा हं!

मुलांना एवढं जरूर सुचवा, की परक्या गाण्यांबरोबर आजीच्या तोंडचं एखादं हळदीचं गाणंही बसवा. चाल आजीलाच विचारायला लावा. आणि बसल्यावर पहिल्यांदा तिलाच ऐकवायला सांगा.