अवशेष, अंधार आणि आपली सहल

(बी. ए. तृतीय वर्ष, इतिहास)

डिसेंबर उजाडला की महाविद्यालयाच्या सूचनाफलकावर सहलीचा कागद लागतो. त्याखाली गर्दी जमते, वर्गणीची चर्चा होते, आणि मग पाहावयाच्या स्थळांची यादी वाचली जाते. ही यादी वाचताना धाप लागते. एका दिवसात दोन देवस्थाने, एक धरण, एक बाग, एक साखर कारखाना, एक किल्ला आणि शेवटी, वेळ उरल्यास, एखादे प्राचीन मंदिर किंवा लेणी. वेळ उरत नाही हे यादी करणाऱ्यालाही ठाऊक असते. बस त्या लेण्यांपाशी पोचते तेव्हा दिवेलागण झालेली असते. ड्रायव्हर हॉर्न वाजवत असतो, कोणी मोबाईलची बॅटरी भिंतीवर फिरवतो, वटवाघळे उडतात, मुले ओरडतात, आणि पंधरा मिनिटांत आपण परत बसमध्ये. अहवालात मात्र 'विद्यार्थ्यांनी प्राचीन शिल्पकलेचा आस्वाद घेतला' असे वाक्य हमखास येते.

या प्रकाराला माझा विरोध आहे. पण तो ज्या कारणासाठी बहुतेक जण करतील त्या कारणासाठी नाही. 'अंधारात काय दिसणार? जायचे तर दिवसा जा,' असे सर्वजण म्हणतात. मला उलट म्हणावयाचे आहे. रात्री अवश्य जावे, पण रात्र झाली म्हणून नव्हे, रात्रीसाठी म्हणून जावे. उशीर झाल्यामुळे पाहिलेला अंधार आणि ठरवून पाहिलेला अंधार यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

प्रथम आपल्या भागाविषयी दोन शब्द. वेरूळचे कैलास लेणे पाहण्यासाठी आपण नांदेड-लातुराहून रात्रभर बसने जातो. जावेच. परंतु ते लेणे ज्या राष्ट्रकूट राजा पहिल्या कृष्णाच्या काळातले मानतात, त्याचे वंशज स्वतःला 'लट्टलूरपुरवराधीश्वर' म्हणवीत. लट्टलूर म्हणजे आपले लातूर. आणि त्याच घराण्यातील तिसऱ्या कृष्णाच्या (इ. स. ९३९ ते ९६७) काळी वैभवाला आलेले कंधार नांदेडपासून एस. टी.ने जेमतेम दीड-दोन तासांवर आहे. मन्याड नदीच्या काठचे हे गाव. तेथील राष्ट्रकूटकालीन शिलालेखात जगत्तुंगसमुद्र नावाच्या तलावाचा उल्लेख येतो, अनेक देवळांचा येतो. तलाव आजही आहे. क्षेत्रपालाच्या प्रचंड मूर्तीचे भग्न अवयव आजही आहेत. एका पावलाशेजारी माणूस उभा राहिला तर मूळ मूर्ती केवढी असेल या विचाराने तो गप्प होतो. खंदकाने वेढलेला किल्ला आहे. देगलूरजवळ होट्टल येथे कल्याणीच्या चालुक्यांच्या काळातले सिद्धेश्वराचे मंदिर आहे. त्याच्या बाह्य भिंतीवरील सुरसुंदरी पाहण्यास दुसऱ्या प्रांतात जाण्याचे कारण नाही. औसा तालुक्यात खरोशाची लेणी आहेत, सहाव्या शतकाच्या सुमाराची, जांभ्या दगडात कोरलेली. निलंग्याला नीळकंठेश्वर आहे. उदगीरचा किल्ला तर १७६० च्या मराठे-निजाम लढाईमुळे पाठ्यपुस्तकात आहे. काखेत कळसा नि गावाला वळसा ही म्हण आपल्यासाठीच झाली असावी!

आता रात्रीकडे वळू. परदेशातल्या सहलींची माहितीपत्रके पाहिली तर मेक्सिको आणि ग्वातेमालातील माया लोकांच्या प्राचीन नगरांची चित्रे त्यांत दिसतात. तेथे एक दिवसाच्या सहली निघतात, वाटाड्या बरोबर असतो, आणि कोठे कोठे रात्रीही अवशेष दाखवितात. तिकालच्या जंगलात पहाटेच्या काळोखात मंदिरावर चढून सूर्योदय पाहणे हा तर प्रवाशांचा आवडता कार्यक्रम झाला आहे. चिचेन इत्सा येथील पायऱ्यांच्या मोठ्या मंदिरावर विषुवदिनाच्या सुमारास, उन्हे उतरताना, कठड्यावर सर्प सरपटत खाली येत असल्यासारखी छाया पडते. ती पाहण्यास हजारो लोक जमतात. दुपारी बाराला गेलेल्या माणसाला तेथे दगड दिसतील, सर्प दिसणार नाही. वास्तू कोणत्या वेळी पाहावी हाही वास्तू पाहण्याचाच भाग आहे, हे यावरून ध्यानात येते. आणि यासाठी मेक्सिकोला जावयास नको. कोल्हापूरच्या महालक्ष्मीच्या मंदिरात नोव्हेंबरात आणि जानेवारीच्या अखेरीस मावळतीची किरणे गाभाऱ्यापर्यंत जातात, त्या किरणोत्सवाला आपल्यातील कित्येक जण गेले असतील.

योगायोग पाहा. तिकालमधील तारखेचा शेवटचा कोरीव स्तंभ इ. स. ८६९ चा आहे. त्यानंतर ते नगर ओस पडत गेले. म्हणजे माया लोकांची दक्षिणेकडील नगरे रानात बुडत होती, त्याच शतकात आपल्याकडे राष्ट्रकूटांची सत्ता भर जोमात होती. आणि ९७३ मध्ये तीही संपली. दोन्ही ठिकाणी आता दगड उरले. फरक इतकाच की त्यांचे दगड जगाने पाहिले आणि आपले दगड आपणही पाहिले नाहीत.

'पण रात्री दिसते काय?' हा प्रश्न शिल्लक आहेच. त्याचे उत्तर शिलालेखाच्या अभ्यासकाला विचारावे. झिजलेले अक्षर भर उन्हात दिसत नाही. डोक्यावरचे ऊन दगड सपाट करून टाकते. तेच अक्षर, बाजूने तिरका दिवा धरला की, आपल्या सावलीसह उठून येते. शिल्पाचेही तसेच. अंधारात, एका बाजूने धरलेल्या एकाच बॅटरीच्या उजेडात, मूर्तीच्या बोटांची पेरे दिसतात, दागिन्याची घडण दिसते, छिन्नीचा घाव कोठून आला तेही दिसते. चाळीस मुलांनी चाळीस बॅटऱ्या समोरून मारल्या तर मात्र दुपारचाच गोंधळ पुन्हा निर्माण होतो. शिवाय ही मंदिरे मुळात ट्यूबलाइटसाठी बांधलेली नाहीत. सभामंडपातून अंतराळात, अंतराळातून गर्भगृहात जाताना उजेड पायरीपायरीने कमी होत जातो, आणि शेवटी नंदादीपाच्या उजेडात पिंडी दिसते. तो अंधार बांधणाऱ्याने योजलेला आहे. आपण तो अडचण समजतो.

कोणी म्हणेल, हे नवे खूळ आहे. मुळीच नाही. महाशिवरात्रीचा जागर आपल्या आज्या जुन्या महादेवाच्या देवळातच करीत आल्या. उरुसाचा संदल रात्रीच निघतो, आणि त्याला हिंदू-मुसलमान दोघेही जातात. रात्री जुन्या वास्तूत जमणे ही मराठवाड्याची रीतच आहे. आपण शिकलो आणि ती रीत तेवढी विसरलो.

मात्र या रात्रीचे दुसरेही एक गिऱ्हाईक आहे. ते म्हणजे गुप्तधन शोधणारे. खेड्यापाड्यातील पडक्या देवळाचा गाभारा उकरलेला, नंदी उलथवलेला, वीरगळ फोडलेला आपण पाहतो. हे काम दिवसा होत नाही. गुप्तधनाच्या नावाने होणाऱ्या अघोरी प्रकारांवर राज्याने २०१३ मध्ये कायदा केला. परंतु कायदा दर अमावास्येला प्रत्येक माळावर उभा राहू शकत नाही. रात्र रिकामी ठेवली की ती चोराची होते. ज्या देवळात महिन्या-दोन महिन्यांनी कॉलेजची मुले, गावचे सरपंच आणि गुरुजी कंदील लावून बसतात, तेथे पहार घेऊन जाण्यास माणूस दहादा विचार करील. हा माझा सर्वांत व्यवहारी मुद्दा आहे आणि तो प्राध्यापक मंडळींनी मनावर घ्यावा.

आता थोडे कडू बोलते. 'रात्रीची सहल' म्हटले की आपल्याकडे ती आपोआप मुलांची सहल होते. मुलींनी सातच्या आत घरात! कोजागिरीला किल्ल्यावर जाण्याचा बेत मुले परस्पर ठरवतात, दुसऱ्या दिवशी फोटो दाखवतात, आणि इतिहासाच्या वर्गात निम्म्याहून जास्त असलेल्या आम्ही मुली 'छान आहेत' म्हणतो. आमच्या आया-बहिणी पहाटे चारला अंधारातून पाणी आणतात, ऊसतोडीच्या फडावर मध्यरात्री गाडी भरतात, तेव्हा त्यांच्या अंधाराची काळजी कोणाला वाटत नाही. होट्टलच्या भिंतीवर आरशात पाहणारी, पायातला काटा काढणारी स्त्री हजार वर्षे रात्रंदिवस उघड्यावर उभी आहे. तिला पाहण्यास मात्र आम्ही दिवसाच यावे? पालकांची भीती खोटी आहे असे मी म्हणत नाही. म्हणूनच तर जबाबदार, परवानगी घेतलेली, प्राध्यापिका बरोबर असलेली अशी रीतसर रात्रसहल हवी. चोरून जाणारी मुले आणि घरी बसणाऱ्या मुली, या दोन्ही गोष्टींना तोच एक उपाय आहे.

आणि एक मर्यादाही स्पष्ट करावयास हवी. लातूर जिल्ह्यात 'रात्र' आणि 'पडझड' हे दोन शब्द एकत्र आले की वडीलधाऱ्यांच्या चेहऱ्यावर जे उमटते ते पुस्तकातले नसते. ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट, चारला काही मिनिटे कमी. आदल्या दिवशी गणपती विसर्जन झालेले. किल्लारी आणि आसपासची दगडमातीची गावे झोपेतच कोसळली. सुमारे दहा हजार माणसे गेली. आमची पिढी त्यानंतर जन्मली. आम्हाला ते ऐकून ठाऊक. गावे नव्या जागी वसली, जुन्या जागी दगड राहिले. तेही अवशेषच. पण तेथे बॅटऱ्या घेऊन गंमत म्हणून कोणी जाऊ नये. तेथल्या दगडांची माणसे पलीकडच्या गावात अजून जिवंत आहेत. माया लोकांचेही हेच आहे. 'लुप्त झालेली संस्कृती' असे माहितीपत्रक म्हणते, पण त्यांच्या भाषा बोलणारे लक्षावधी लोक त्याच प्रदेशात आज नांदत आहेत. अवशेष कोणाचे आहेत हे विचारल्याशिवाय त्यात पाऊल टाकू नये. मग ती रात्र असो की दिवस. खरोशाला जाताना वाटेत किल्लारीचे नाव निघाले तर बसमधली गाणी बंद व्हावीत, एवढे भान सहलीला असले तरी पुष्कळ झाले.

नियमांची अडचण आहे, हे मला मान्य आहे. संरक्षित स्मारके सर्वसाधारणपणे सूर्योदय ते सूर्यास्त उघडी असतात, आणि ते योग्यच आहे. किल्ल्यांवर रात्री मेजवान्या झोडणाऱ्यांमुळेच ही बंधने कडक झाली. तथापि वाट अगदीच बंद नाही. ताजमहाल २००४ पासून पौर्णिमेच्या आगेमागे मोजक्या रात्री, पन्नास-पन्नासच्या तुकड्यांत, दूर अंतरावरून दाखविला जातो. शुक्रवारी आणि रमजानात तोही बंद. म्हणजे थोडी माणसे, ठरलेला वेळ, लांबून दर्शन. ताजला जे जमते ते कंधारला का जमू नये? निदान अर्ज तरी करून पाहू. होट्टलसारख्या ठिकाणी अलीकडे महोत्सव भरू लागले ही आनंदाची गोष्ट आहे. पण रंगीत झोत टाकून देऊळ कधी निळे तर कधी जांभळे करणे म्हणजे रात्र दाखवणे नव्हे, ती झाकणे होय.

तेव्हा माझी सूचना अशी. पुढल्या वर्षी यादीतील सहा स्थळे खोडावीत आणि एकच ठेवावे. समजा, कंधार. पुरातत्त्व खात्याची लेखी परवानगी, पालकांची संमतीपत्रे, तीस विद्यार्थी, त्यांत निम्म्या मुली, दोन प्राध्यापक, एक प्राध्यापिका, आणि गावातीलच एक जाणकार वाटाड्या, ज्याला मानधन मिळेल. दुपारी पोचावे. उजेड असेतो सगळा परिसर पायांखालून घालावा. खंदक कोठे, मोडकी पायरी कोठे, बुजलेली विहीर कोठे, हे पाहून ठेवावे. जी जागा दिवसा पाहिली नाही तेथे रात्री जाऊ नये, हा पहिला नियम. सूर्यास्तानंतर परवानगी असेल तेवढाच वेळ थांबावे. परवानगी मिळालीच नाही, तर तलावाच्या काठी बसून चंद्र वर येताना पाहावा. त्याला कोणाची सही लागत नाही. बॅटरी एकच, ती सरांच्या हाती. प्लास्टिक एकही नाही. भिंतीवर नाव कोरणाऱ्याला बसमधून उतरवावे, हे मी गमतीने म्हणत नाही.

आणि परत आल्यावर 'आस्वाद घेतला' हे वाक्य अहवालात लिहू नये. कोणी एक अक्षर वाचले असेल तर ते लिहावे, कोणी एक पायरी मोजली असेल तर ती लिहावी. दिव्याखाली अंधार असतो असे म्हणतात. आपल्या पदवीच्या दिव्याखाली कंधार, होट्टल आणि खरोसा अशी तीन मोठी अंधारी गावे आहेत. तेथे आपण कंदील घेऊन जावयाचे, की आणखी एका वर्षी नुसते बसमधून हात दाखवून पुढे जावयाचे, हे येत्या डिसेंबरात सूचनाफलकावर दिसेल.