इंजिन दोघांचं, मग चावी एकाच्या हातात कशी?

मे २०२५ मध्ये अमेरिकेने चीनच्या कोमॅक कंपनीकडे जाणारी काही विमान-सामग्री थांबवली. त्यात सी९१९ विमानाचं लीप-१सी इंजिनही होतं. जुलैमध्ये बंदी उठली. पण हे इंजिन बनवणाऱ्या सीएफएम कंपनीत अमेरिकेची जीई आणि फ्रान्सची साफ्रान यांचा वाटा निम्मा-निम्मा आहे. मग एकटी अमेरिका ते कसं अडवू शकते?

कोण काय बनवतं?

उत्तर इंजिनाच्या पोटात आहे. पुढचा मोठा पंखा आणि कमी दाबाचे भाग साफ्रान बनवते. हवा प्रचंड दाबून तिच्यात इंधन जाळणारा गाभा, म्हणजे कोअर, जीईचा. सगळ्यात अवघड काम इथेच असतं आणि त्यावर अमेरिकेचे निर्यात नियम लागतात.

हे आजचं नाही

जीईचा पहिला कोअर बी-१ बॉम्बरच्या इंजिनावरून आला होता. म्हणून १९७२ मध्ये अमेरिकन सरकारने परवानगी नाकारली. १९७३ मध्ये रेक्याविकला निक्सन आणि पाँपिदू भेटले, तेव्हा अटींसह वाट मोकळी झाली. १९७४ मध्ये सीएफएम उभी राहिली. पुढे त्यांची ३० हजारांहून जास्त सीएफएम५६ इंजिनं विकली गेली.

एवढी कटकट करून भागीदारी कशाला? कारण नव्या इंजिनावर अब्जावधी डॉलर लागतात आणि खरी कमाई बऱ्याच वर्षांनी, सुटे भाग आणि दुरुस्तीतून होते. एवढी जोखीम वाटून घेतलेली बरी.

आपण कुठे आहोत?

लीपचे काही भाग जीईच्या पुण्याजवळच्या चाकण कारखान्यात बनतात. हैदराबादला साफ्रानचं लीप दुरुस्ती केंद्र आहे. दोन्ही चांगल्या गोष्टी आहेत, रोजगार आणि कौशल्य येतं. पण ठरलेल्या नकाशाबरहुकूम भाग बनवणं वेगळं आणि इंजिनात पैसा, डिझाइन आणि जोखीम घालून वाटेकरी होणं वेगळं. जपानी आणि जर्मन कंपन्या १९८३ मध्ये व्ही२५०० इंजिनात भागीदार म्हणून उतरल्या, पुरवठादार म्हणून नव्हे.

आणि वाटेकरी झालो तरी एक प्रश्न राहतोच: कोअर कुणाचा? चीनने तो धडा २०२५ मध्ये घेतला. विमानांच्या मोठमोठ्या ऑर्डरी देणाऱ्या भारताने तो फुकटात शिकून घ्यावा.