आधी पँट बघा, जॅकेट नंतर

दर वर्षी दिवाळी सरली की नात्यातून एक तरी फोन येतोच. कधी इंदूरहून, कधी बडोद्याहून, मागच्या खेपेला बेळगावहून, जाऊबाईंच्या माहेरचा. "यंदा गुलमर्गला जातोय, मुलांना स्कीइंग शिकवायचंय. तुम्ही जाऊन आलात ना? जॅकेट कुठलं घेऊ?" प्रश्न नेहमी जॅकेटचा. क्वचित टोपीचा, हातमोज्यांचा. पँटचं मला आजवर एकानंही विचारलेलं नाही. माझं उत्तर मात्र ठरलेलं आहे. पैसे बेताचे असतील तर जॅकेट कुणाचंही मागून न्या, पण पँट मापाची आणि चांगली घ्या, विकत घ्या. पलीकडे क्षणभर शांतता, मग "बरं, बघतो". म्हणजे बघणार नाहीत. म्हणून मंडळी, आज एकदाच सगळं लिहून टाकते.

आम्ही लष्करातले. फौजेतले नव्हे हो, ग्वाल्हेरच्या लष्करातले, बाड्यापासून दहा मिनिटांवर राहणारे. आणि थंडीच्या बाबतीत आम्हा ग्वाल्हेरकरांना भारी ताठा. जानेवारीत कोहरा उतरला की दोन-दोन दिवस सूर्य दिसत नाही, पारा तीन-चारवर येतो. पुण्या-मुंबईचे पाहुणे रजईतून बाहेर पडत नाहीत आणि आम्ही पहाटे नळाला पाणी भरत असतो. आमच्या घरात थंडीवर एकच औषध, थरावर थर. आत सुती, वर लोकरी, त्यावर जाड काहीतरी. सासूबाई, म्हणजे आमच्या आई, दर हिवाळ्यात कुणासाठी ना कुणासाठी विणत बसलेल्या असायच्या. लोकर मेळ्यातूनच आणायची, हा नेम. 1905 साली माधवराव महाराजांनी सुरू केलेल्या त्या मेळ्यातून घरात काय काय आलं असेल, त्याची गणती नाही.

तर लेक अकरा वर्षांची असताना तिला बर्फावरच्या शिबिरात घालायचं ठरलं. तयारी काय, आमचीच जुनी. आत सुती पायजमा, त्यावर आईंनी मुद्दाम विणलेली लोकरीची तंग विजार, त्यावर जीन्स. आणि वर लालभडक महागडं जॅकेट, कारण फोटोत तेच दिसणार!

पहिल्या दिवशी अकरा वाजेपर्यंत जीन्स मांड्यांपासून गुडघ्यापर्यंत भिजली. आपण एक गोष्ट लक्षातच घेत नाही, की शिकाऊ माणूस बर्फावर उभा कमी असतो आणि बसलेला जास्त. पडतो, बसतो, गुडघ्यावर येतो, पुन्हा पडतो. जॅकेटला फार तर वरून पडणारं भुरभुर बर्फ सोसायचं असतं. पँटवर अख्ख्या माणसाचा भार असतो, आणि खाली बर्फ वितळत असतो. जीन्स भिजली, तिच्यातून पाणी लोकरीत, लोकरीतून सुती पायजम्यात. पाणी हवेच्या सुमारे पंचवीस पट वेगानं अंगातली ऊब ओढून नेतं, हे मी नंतर वाचलं. त्या दिवशी नुसतं पाहिलं.

दुसऱ्या दिवसासाठी मी भाड्याच्या दुकानातून पँट आणली. दुकानदारानं दोन मापं पुढे केली, मी मोठं उचललं. का, तर सवय. आपल्याकडे मुलांचं सगळं 'वाढत्या अंगाचं' घ्यायचं असतं ना. शाळेचा गणवेश, बूट, मुंजीचा कद, सगळंच. पण ती पँट आठ दिवसांची भाड्याची होती, त्यात लेक किती वाढणार होती? आता हसू येतं, तेव्हा आलं नाही. कंबर सैल, म्हणून ती पडली की पाठीमागून ओंजळभर बर्फ आत. पायाचा घोळ लांब, म्हणून टाचेखाली येणारा. स्कीची धातूची कड धारदार असते, तिनं दुपारपर्यंत घोळाला दोन जागी काप घातला आणि तिथून बूटातही बर्फ गेला. सरांनी तिला उचलून बुखारीजवळ आणून बसवलं तेव्हा तिचे ओठ निळसर झाले होते आणि ती बोलत नव्हती. रडत असती तर मला बरं वाटलं असतं. तासाभरानं ती थरथरायची थांबली, पण उरलेले दिवस खोलीतून बाहेर आली नाही. परतीच्या गाडीत एवढंच म्हणाली, "आजीला सांगू नको."

अर्थात आजीला कळलंच. आईंनी त्याचा अर्थ स्वतःपुरता असा लावला की आपली विजार कमी पडली, आपण वीण सैल घातली. पुढे कैक वर्षं त्या कुणासाठीही विजार विणायला बसल्या नाहीत. त्या तीन थरांत दोष नसलेला थर एकच होता, तो त्यांचा. लोकर ओली झाली तरी थोडीफार ऊब धरून ठेवते. घात केला तो खालच्या सुतीनं आणि वरच्या जीन्सनं, म्हणजे मी निवडलेल्या दोन गोष्टींनी. हे मी त्यांना सांगितलं, पण फार उशिरा.

आमच्या ताठ्याचं चुकलं कुठे, तर आमची थंडी कपडा भिजवत नाही. ती बाहेर उभी असते, आपण आत पांघरून बसतो. जितकं जाड तितकं ऊबदार, हे गणित तिथे बरोबर आहे. बर्फावरची थंडी पाण्यातून आणि वाऱ्यातून येते, शिवाय आपण बसलेले नसतो, घामेघूम होत असतो. गुलमर्गच्या सुरुवातीच्या उतारांवर शिकाऊ मुलांना स्की पायात घालून आडवं-आडवं चढायला लावतात. दहा मिनिटांत आतून घाम. तो बाहेर पडला नाही तर बाहेरून थेंबही न येता माणूस ओला होतो. म्हणून पँट विकत घेताना "किती जाड आहे?" हा प्रश्न शेवटचा.

पहिला प्रश्न पाण्याचा. चांगल्या स्की पँटच्या चिठ्ठीवर एक आकडा असतो, 5,000 मिमी, 10,000 मिमी, 20,000 मिमी असा. कापडावर पाण्याचा उभा स्तंभ धरला तर किती उंचीपर्यंत ते पाणी आत झिरपू देत नाही, त्याचं ते माप. 10,000 मिमी म्हणजे दहा मीटर, आपल्या तीन मजली घराएवढा स्तंभ. एवढं कशाला लागतं, असं वाटेल. पण बर्फावर बसलेल्या माणसाचं वजन पाण्याला आत दाबत असतं, ते पावसाच्या सरीपेक्षा कितीतरी जास्त. माझं मत, शिकणाऱ्यानं 10,000 च्या खाली जाऊ नये. 5,000 चालतं, असं दुकानात सांगतात. जो पडत नाही त्याला चालतं.

त्यात जायचं कधी, हेही बघा. काश्मिरी लोक 21 डिसेंबरपासूनच्या चाळीस दिवसांना चिल्ले कलाँ म्हणतात, कडाक्याची थंडी. तेव्हाचा बर्फ कोरडा, पिठासारखा, झटकला की पडतो. आपण मुलांच्या परीक्षा सांभाळून निघतो ते फेब्रुवारीच्या शेवटी किंवा मार्चमध्ये. तेव्हा दुपारी बर्फ ओला होतो. म्हणजे थंडी कमी, म्हणून पँट साधी चालेल, हा हिशेब उलटा आहे. ऊब कमी लागेल, पाणी अडवणं जास्त लागेल.

आकड्यावरही सगळं भागत नाही. कापड कितीही चांगलं असो, शिवणीला सुईची भोकं असतात. आतल्या बाजूनं शिवणीवर पट्टी चिकटवलेली आहे का, ते पँट उलटी करून बघा. निदान बूड, मांड्या आणि गुडघ्यांपाशी तरी हवीच. दुकानदार बघत राहील, बघू दे. आपण साडीची किनार उलटी करून बघतोच की.

आता ऊब. आत अस्तर भरलेली पँट घ्यावी की नुसती बाहेरची कवच-पँट, यावर आमच्या घरात बरेच वाद झालेत. माझा कौल कवच-पँटला. आत आपला इनर, लोकरीचा किंवा पॉलिएस्टरचा, सुती अजिबात नाही. फार गारठा असला तर त्यावर पातळ फ्लीस. थर काढता-घालता येतो, अस्तर काढता येत नाही. गुलमर्ग सुमारे 2,650 मीटरवर, पण गोंडोलाचा दुसरा टप्पा अफरवटच्या बाजूला 3,900 मीटरच्या वर नेतो. एकाच दिवसात खाली घाम आणि वर झोंबणारा वारा. मांडीच्या आतल्या बाजूला जाळी लावलेली चेन असते, ती उघडली की वाफ निघून जाते. मला ती आधी फॅशन वाटली होती. लहान मुलांचा अपवाद करते. ती फार वेळ नुसती उभी राहतात, त्यांना हलकं अस्तर असलेलं बरं.

मापाचं मात्र मी हट्टानं सांगेन. दुकानात पँट घालून आरशासमोर उभं राहू नका, उकिडवे बसा. मग एक गुडघा टेका, पुढे वाका. गुडघ्यावर ताणली तर लहान, पाठीमागे कमरेला फट पडली तर मोठी किंवा उंचीला कमी. कमरेला आतून आवळायची पट्टी असलेली घ्या. घोळ बूट घातल्यावर बूटावर यायला हवा, खाली लोळायला नको. पँट बूटात खोचायची नसते, पँटच्या आत एक इलॅस्टिकची बाही असते ती बूटावरून ओढून बसवायची. बर्फ अडतो तो तिनंच. आमच्या भाड्याच्या पँटीत तीच नव्हती. आणि घोट्याच्या आतल्या बाजूला जाड कापडाचं ठिगळ असतं, ते स्कीची कड झेलायला. मुलांच्या पँटींत आणखी एक सोय मिळते, ती कुणी आधी सांगितली असती तर! पायाच्या आत एक जादा टीप घातलेली असते. मूल उंच झालं की ती उसवायची, पाय इंच-दीड इंच लांब होतो. म्हणजे आजच्या मापाची घेऊनही पुढच्या वर्षी चालते. आपल्या आज्या परकराला आत दुमड घालून ठेवायच्या, तेच हे.

खांद्यावर पट्टे असलेली, छातीपर्यंत येणारी पँट लहान मुलांसाठी उत्तम, पडली तरी कमरेतून बर्फ जात नाही. बायकांनी मात्र घेण्याआधी विचार करा. स्वच्छतागृह दूर, रांग, बोटं बधिर, त्यात जॅकेट काढून पट्टे सोडायचे. मी एकीला त्यापायी दिवसभर पाणी न पिता बसलेली पाहिलंय, आणि उंचीवर पाणी न पिणं हे आजारपणाला आमंत्रण. मागची बाजू वेगळी उघडणाऱ्या पट्ट्यांच्या पँटीही मिळतात. ती मिळाली तर घ्या, नाही तर साधी कमरेची बरी.

भाड्यानं घ्यावी का? दोन दिवस बर्फात खेळायचं, फोटो काढायचे, तर खुशाल भाड्यानं घ्या. तंगमर्गचे गमबूट आणि लांब कोट आमच्या आईंनीही घातलेत, साडीवर! फोटो आहे. पण आठ-दहा दिवस शिकायचं तर नाही. भाड्याची पँट किती वेळा धुतली, कशानं धुतली, वरचा पाणी झटकणारा लेप उरलाय की नाही, काही कळत नाही. घरी आणलेली पँटसुद्धा कपडे मऊ करणाऱ्या द्रावात कधी बुडवू नका, त्यानं तो लेप निकामी होतो.

लेक एकोणीसची झाली तेव्हा कॉलेजच्या मैत्रिणींबरोबर पुन्हा गुलमर्गला जायचं म्हणाली. मी गप्प राहिले. तिनं स्वतः दिल्लीत जाऊन पँट निवडली, काळी, कवच-पँट, 20,000 ची. घरी आणून आईंना दाखवली. आईंनी कापड चिमटीत धरून बघितलं आणि म्हणाल्या, "ही तर पातळच आहे गं." मग लेकीनं सगळं समजावलं, पाणी कसं येतं, वारा कसा अडतो, आणि आत लोकरच लागते. "तुझी विजार बरोबर होती आजी, बाहेरचं चुकलं होतं." आई काही बोलल्या नाहीत. दोन दिवसांनी मला म्हणाल्या, लोकर आण, बारीक सुतातली, बोचणार नाही अशी. यंदा त्यांची नजर अधू, वीण कुठे कुठे सुटलेली. लेकीनं तीच घातली. विजार घोट्याच्या वर संपवायला सांगितली होती, कारण बूटात विजारीचा चुणा आला की पाय सोलतो. तेवढं ऐकलं आईंनी.

आता मागच्या आठवड्यात इंदूरहून भाचीचा फोन. "मामी, ताईची ती काळी पँट पडूनच आहे ना? ह्या वेळेपुरती दे की, चालवून घेईन." मी नाही म्हटलं. भाची लेकीपेक्षा चार बोटं बुटकी आणि कमरेला रुंद. आमच्या घरात आजवर कपड्याला नाही म्हटलेलं नव्हतं, त्यामुळे नणंदबाईंना जरा लागलंय, मला कळतंय. जॅकेट, टोपी, हातमोजे, चष्मा, सगळं कुरिअर केलंय. सोबत इंची टेपही ठेवलीय. भाचे, हे वाचत असशील तर कंबर, मांडी आणि आतल्या पायाची लांबी मोजून रविवारपर्यंत कळव. दिल्लीला जाणारच आहे, तुझ्या मापाची आणते.