कालियाचा डोह आणि अटलांटिसचा राजा

समुद्रतळाशी वसलेल्या अटलांटिस नगरीच्या वारसाची कथा सांगणारा ‘अ‍ॅक्वामॅन’ हा हॉलीवूडपट डिसेंबर २०१८ मध्ये भारतात अमेरिकेच्याही आधी झळकला. जगभरात त्याने शंभर कोटी डॉलरहून अधिक गल्ला जमविला. २०२३ मध्ये त्याचा पुढचा भागही येऊन गेला. प्लेटोच्या संवादांत जन्मलेली ही बुडालेली नगरी मुलांना श्रीकृष्णाच्या द्वारकेहून अधिक ओळखीची झाली, अशी खंत वडीलधारी मंडळी व्यक्त करतात. खंत रास्तच आहे. परंतु या चित्रपटातील एक प्रसंग तिच्यापलीकडे जाऊन विचार करायला लावणारा आहे.

अटलांटिसचा राजा ऑर्म भूतलावरील माणसांवर संतापतो आणि प्रचंड लाटा उठवून, त्यांनी समुद्रात टाकलेला कचरा त्यांच्याच किनाऱ्यांवर आणून ओततो, सोबत युद्धनौकाही. त्याची तक्रार खरी आहे. मात्र पटकथेने ती खलनायकाच्या तोंडी घातली. नायकाने त्याला हरविले, सिंहासन मिळविले, प्रेक्षक तृप्त मनाने घरी गेले आणि कचरा जिथल्या तिथे राहिला!

भागवताच्या दशम स्कंधातील कथेला असे सिंहासन ठाऊक नाही. यमुनेचा डोह विषारी झाला आहे, ते पाणी पिऊन गाई आणि गोप कोसळत आहेत, एवढेच कारण कृष्णाला पुरेसे होते. तो डोहात उडी घेतो, कालियाच्या फणांवर नाचून त्याला नमवितो. पण प्राण घेत नाही, त्याला कुटुंबकबिल्यासह समुद्राकडे धाडतो. आणि ही कथा संपते ती यमुनेचे पाणी पुन्हा पिण्याजोगे झाल्यावर.

असा डोह पाहण्यासाठी शहाडच्या रहिवाशांना वृंदावन गाठावे लागत नाही. खंडाळा-राजमाचीच्या डोंगरांतून निघून कर्जत, बदलापूरमार्गे येणारी उल्हास नदी शहाड आणि आंबिवली यांच्यामधून वाहते. भिवपुरीच्या वीजगृहातून सुटणारे पाणी तिला मिळते, म्हणून ती उन्हाळ्यातही आटत नाही. शहाड व टेमघर या गावांच्या नावांवरून ‘स्टेम’ म्हणून ओळखले जाणारे प्राधिकरण तिचेच पाणी ठाणे, भिवंडी, मीरा-भाईंदरपर्यंत पोहोचविते. लाखो घरांची तहान भागविणाऱ्या या नदीवर मोहने परिसरात जलपर्णीचा हिरवा थर पसरलेला दिसतो. ही वनस्पती सांडपाण्यातील नत्र आणि स्फुरदावर पोसते. ते सांडपाणी कारखान्यांचे आहे, तसेच काठावरच्या नगरांतील सुशिक्षित घरांचेही आहे. शासनाला आणि पालिकांना जाब विचारलाच पाहिजे; पण तो विचारणाऱ्याने आधी स्वतःच्या घरातून निघणारी मोरी कुठे जाते ते पाहावे.

शहाड सोडून गाडी पुलावर आली की डब्याच्या दारातून निर्माल्याची प्लॅस्टिकची पिशवी नदीत भिरकावली जाते आणि भिरकावणारे हात तत्काळ भक्तिभावाने जोडले जातात. ते हात कोणा ऑर्मचे नसतात, कालियाचेही नसतात. त्याच हातांनी सकाळी देवापुढच्या तांब्यात नळाचे पाणी भरलेले असते, आणि ते पाणी याच नदीचे असते.