तारखेचा घोळ थांबवा!

मित्रहो, बीईच्या प्रोजेक्टसाठी आपण रात्री जागवतो. लॉगिन, डेटाबेस, रंगीत स्क्रीन, सगळं होतं. तारीख मात्र ‘होते आपोआप’ म्हणून सोडून देतो. माझं स्पष्ट मत आहे, की तारीख नीट न पाठवणारा प्रोजेक्ट अर्धवट समजावा.

मुळात गोम जेसनमध्येच आहे. त्यात आकडा आहे, स्ट्रिंग आहे; तारीख हा प्रकारच नाही. मग जावातली डेट कशी उतरवायची, ते लायब्ररी ठरवते. जॅक्सन २ ला काही सांगितलं नाही, तर ते १ जानेवारी १९७० पासूनचे मिलिसेकंद टाकतं. २०२५ मध्ये आलेल्या जॅक्सन ३ ने हा डिफॉल्ट बदलून आयएसओ ८६०१ ची स्ट्रिंग केली. म्हणजे नुसती व्हर्जन बदलली, तरी समोरच्याचा कोड आडवा!

‘फॉरमॅट दिला की झालं’ म्हणाल, तर तसं नाही राव. समजा जन्मतारीख १५ ऑगस्ट, रात्री बाराची डेट म्हणून ठेवली. जॅक्सनचा टाइमझोन मूळचा यूटीसी, आपल्यापेक्षा साडेपाच तास मागे. तिथे अजून १४ तारखेचे संध्याकाळचे साडेसहाच वाजलेत. फॉरमॅट फक्त दिवस-महिना-वर्षाचा असेल, तर छापलं जातं १४ ऑगस्ट. पोरगं एक दिवस आधीच जन्मलं! एरर नाही, एक्सेप्शन नाही. पण स्कॉलरशिपच्या वयोमर्यादेत हाच एक दिवस कुणाला तरी बाहेर काढू शकतो.

पॅटर्नमध्ये छोट्या वायऐवजी मोठा वाय टाकला, तर ते आठवड्याचं वर्ष होतं. ३१ डिसेंबर २०२४ ला ते २०२५ दाखवतं. वर्षभर सगळं सुरळीत, आणि बोंब शेवटच्या आठवड्यात!

उपाय अवघड नाही. जावा ८ मध्ये, म्हणजे २०१४ सालीच, नवे वर्ग आले. नुसता दिवस हवा असेल, उदाहरणार्थ जन्मतारीख, तर लोकलडेट वापरा. त्याला टाइमझोनच नाही. नेमका क्षण हवा असेल, उदाहरणार्थ फॉर्म भरल्याची वेळ, तर इन्स्टंट. जॅक्सन २ मध्ये त्यासाठी वेगळं मॉड्यूल जोडावं लागतं आणि टाइमस्टॅम्पचा पर्याय बंद करावा लागतो. दोन ओळींचं काम!

सर आणि मॅडमनाही विनंती: वायवाला फक्त ‘फ्रंट एंड दाखव’ म्हणू नका. ‘ही तारीख कुठल्या टाइमझोनची?’ एवढंच विचारा. कोण कोड समजून लिहितो आणि कोण नुसता चिकटवतो, ते लगेच कळेल.